महेशचं राज्य आणि दुसऱ्या भागाची मालकी

"ताई, आला बगा," अण्णा म्हणाले आणि त्यांनी लॅपटॉप माझ्याकडे फिरवला.

स्क्रीनवर गेमच्या अकाउंटमधली मित्रांची यादी उघडी होती. यादी कसली, त्यात एकच नाव होतं. महेश. त्या नावापुढचा करडा ठिपका आत्ताच हिरवा झाला होता. हिरवा म्हणजे माणूस ऑनलाइन आहे. खाली बारीक अक्षरात लिहिलं होतं, 'खेळत आहे'.

महेश हा अण्णांचा मुलगा. मागच्या वर्षी अक्कलकोट रोडला मोटारसायकल घसरून गेला. त्याच्या मातीला मी स्वतः गेले होते.

"रोज चहाच्या वेळेला येतोय," अण्णा म्हणाले. "दिवेलागणीला जातोय. घरात हिला अजून सांगितलं न्हाई. तुमी बगा काय ते."

अण्णांचं स्टीलच्या भांड्यांचं दुकान आहे आणि माझं कॉम्प्युटर दुरुस्तीचं. त्यांना बुद्धिबळ खेळता यावं म्हणून महेशने कधीतरी त्यांच्या लॅपटॉपवर त्यांचं गेमचं अकाउंट उघडून दिलं होतं आणि स्वतःला मित्र म्हणून जोडून घेतलं होतं. माझ्याकडे भुताखेतांची रिपेअरी होत नाही. गिऱ्हाईक काहीही सांगत आलं तरी शेवटी निघतो तो कुणाचा तरी घोळ, हे मला अनुभवाने माहीत आहे. मी म्हटलं, "अण्णा, कुणीतरी पासवर्ड चोरलाय. महेशचा सीपीयू घेऊन या. पासवर्ड बदलू, चोराला बाहेर काढू, विषय संपला."

दुसऱ्या दिवशी अण्णा रिक्षाने आले. सीपीयू चादरीत गुंडाळून मांडीवर घेतला होता. मी तो टेबलावर घेऊन जोडला. वर्षभर बंद असलेलं मशीन एका दमात चालू झालं.

आता महेश खेळायचा त्या गेमबद्दल थोडं सांगते. ही राज्य चालवायची तीन भागांची मालिका आहे. स्ट्रॅटेजी गेम म्हणतात त्याला. तुम्ही राजा असता. गावं वसवायची, लढाया करायच्या, वारस तयार करायचा. आपली चाल संपली की बटण दाबायचं आणि राज्यातलं एक वर्ष सरतं. राजा म्हातारा होतो, मरतो, मग त्याचं पोरगं गादीवर येतं. तिसऱ्या भागात एक मोठा नकाशा आहे, त्यात तिन्ही भागांतले मुलूख एकत्र येतात. पण तो नकाशा उघडायला आधीच्या दोन्ही भागांची मालकी लागते. इथे लोक हमखास चुकतात. जुने भाग मशीनवर इन्स्टॉल असायलाच पाहिजेत असं काही नाही, मालकी मात्र पाहिजेच. पोरं उलट करतात. डिस्क भरेपर्यंत सगळं इन्स्टॉल करतात आणि नकाशा उघडत नाही म्हणून माझ्याशी भांडतात.

मी अकाउंटवरची मशीन तपासली. दोन होती. एकाचं नाव वळसंग, दुसऱ्याचं केम. ही नावं मीच दिलेली. पाटील, माने, कांबळे अशी गिऱ्हाइकं ढिगाने असतात, म्हणून मशीन बनवलं की मी त्याला गिऱ्हाइकाच्या गावाचं नाव देते. अण्णांचं मूळ गाव वळसंग. आणि केमचं मशीन मी एकच बनवलं होतं, दत्ताचं. महेशबरोबर इंजिनिअरिंगला होता, नंतर गावी जाऊन शेती आणि म्हशी बघायला लागला. मला हायसं वाटलं. चोर नव्हता, आपलंच पोरगं होतं.

"दत्ता वापरतोय महेशचं अकाउंट," मी म्हटलं. "तुम्हाला राज्य बघायचंय का, आलाच आहात तर?"

अण्णांनी मान हलवली. मी साठवलेले खेळ उघडले. हा गेम दर थोड्या वर्षांनी राज्य आपोआप अकाउंटवर साठवतो आणि प्रत्येक वेळी राजाचा चेहरा दाखवतो. महेशने राजाला स्वतःचा फोटो लावला होता. तशी सोय आहे. राजाचं वय वाढेल तसा गेम तो फोटोही वाढवत नेतो.

या राजाच्या पहिल्या चौकटीत महेश होता तसाच होता, बारीक मिशीचा. पुढे तो जाड झाला. मग कानाशी केस पांढरे झाले, गाल बसले. शेवटच्या चौकटींत तो पार म्हातारा होता. डोळे मात्र त्याचेच.

अण्णा खुर्ची सोडून उभे राहिले. "आमच्या आप्पांसारका दिसायलाय," ते म्हणाले. आप्पा म्हणजे त्यांचे वडील.

आम्ही बघत असतानाच रांगेच्या शेवटी आणखी एक चौकट उमटली. आधीच्याहून म्हातारी. मी माउसला हात लावला नव्हता. दत्ता खेळतोय हे माहीत असूनही माझ्या अंगावर काटा आला. खोटं कशाला बोलू, मी घाबरले.

"ह्यात माणसं मरतात का?" अण्णांनी विचारलं.

"म्हातारी झाली की मरतात."

"म्हंजे ह्यो बी जाणार?"

"आता थोडीच वर्षं राहिली असतील. गेममधली."

"मग थांबवा ताई. एकदा बगितलंय मी. परत न्हाई बगवणार." एवढं बोलून ते खाली बसले. बसले ते धप्पकन.

मी तिथूनच दत्ताला फोन लावला आणि झापायच्या तयारीतच सुरुवात केली. "दत्ता, महेशच्या आयडीवर खेळतोस?"

"न्हाय मॅडम, खेळत न्हाय म्या. उघडून ठेवतो निस्तं."

"उघडून ठेवतोस म्हणजे?"

"दुपारच्याला चालू करतो आन् म्हशीकडं जातो. धारा काडून आलो की बंद करतो. बटनाला हात लावत न्हाय मी, आईची आन."

"मग राज्य पुढं कसं चाललंय?"

तो हळूच म्हणाला, "चाललंय व्हय? मला वाटलं हितं रोज येगळं तोंड दिसतंय ते अण्णा खेळत्यात म्हनून."

मी फोन स्पीकरवर ठेवला होता. अण्णांनी माझ्याकडे बघितलं. महेशचं घरचं मशीन वर्षभर बंद होतं, हे आम्हा दोघांनाही माहीत होतं.

"अरे पण तू उघडतोसच कशाला रोज?" मी विचारलं.

तेव्हा खरी गोष्ट बाहेर आली. ही मालिका दोघांनी वर्गणीत घेतली होती, गल्लीत गणपती बसवतात तशी. पहिला आणि तिसरा भाग महेशच्या अकाउंटवर, दुसरा दत्ताच्या. दत्ताने आपला भाग महेशला शेअर केला होता. शेअर म्हणजे पुस्तक वाचायला दिलं, पण कपाट देणाऱ्याचंच. म्हणून महेशचा मोठा नकाशा उघडायचा. मात्र शेअर देणाऱ्याचं मशीन अधूनमधून जोडलं गेलं नाही तर शेअर तुटतं. दत्ताने हे कुठेतरी वाचलं होतं, पण अधूनमधून म्हणजे किती हे काही त्याला समजलं नव्हतं. म्हणून देवापुढं दिवा लावावा तसा तो रोज महेशच्या नावाने लॉगिन करून गेम उघडायचा. वर्षश्राद्धाला येऊन गेला, तेव्हापासून.

"माझा भाग निगला तर म्हेशाचं राज्य बंद पडंल की मॅडम. त्येच्या घरच्यानी कदी बगायचं म्हटलं तर? म्हनून जितं ठेवलंय."

आता राहिला प्रश्न, बटण कोण दाबत होतं. मी सेटिंगमध्ये गेले. तिथे बदली खेळाडू नावाची सोय आहे. माणूस जागेवरून उठून गेला आणि बराच वेळ हलला नाही, तर मशीन त्याच्या जागी खेळायला लागतं. त्याचे आधीचे डाव बघून, त्याच्याच पद्धतीने. ती सोय चालू होती.

"हे तू चालू केलंस?"

"म्हेशानं केलीया. अण्णांची कवा बी हाक यायची की दुकानात ये म्हनून. निम्म्यात उठाय लागायचं. म्हनायचा, मी न्हाय तर न्हाय, राज्य तर चालाय पायजे."

मी फोन ठेवला.

कामाचं गणित असं होतं. पासवर्ड बदलला तर दत्ताचं मशीन बाहेर पडेल, त्याबरोबर शेअरही तुटेल, आणि राज्य कुलूपबंद होईल. राजा मरणार नाही, पण कुणाला दिसणारही नाही. दुसरा भाग महेशच्या अकाउंटवर नव्याने घ्यावा, तर कंपनीने तो विकायचं बंद केलंय. नवी आवृत्ती मिळते, पण तिच्यात जुनं राज्य उघडत नाही. राहिला एकच मार्ग. दत्ताला त्याच्या मशीनसकट इथे आणायचं, शेअर शाबूत असताना महेशच्या मशीनवर मालकी एकदा तपासून घ्यायची म्हणजे पुढे नेटशिवायही राज्य उघडेल, बदली खेळाडू बंद करायचा आणि ते मशीन कायमचं इंटरनेटवरून तोडायचं. मग राजा आहे त्या वयात थांबेल. मी दत्ताला पुन्हा फोन करून बोलावलं आणि तोवर काहीही उघडू नको म्हणून बजावलं.

दत्ता आपला सीपीयू पोत्यात घालून पॅसेंजरने आला. त्याला बघताच अण्णा कडाडले.

"मेलेल्या पोराच्या नावानं रोज येतोस? आमच्या काळजाचं काय हुतंय कळतंय का तुला?"

"अण्णा, मला कुटं म्हाईत तुमाला दिसतंय म्हनून."

"फोन करायचा की."

"काय म्हनून करू? राज्य बगताय का म्हनून?" दत्ता म्हणाला. "तुमच्याशी बोलाय जीभच उचलत न्हाय माजी."

मी दोघांनाही गप्प बसा म्हटलं. माझ्या दुकानात आवाज माझाच चढतो. दोन्ही मशीन शेजारी मांडली, मालकी तपासून घेतली, राज्य उघडलं. राजा महेश गादीवर बसला होता, पाठीत वाकलेला. बदली खेळाडू बंद करायच्या खुणेवर मी माउस नेला. त्यानंतर फक्त नेटची वायर काढायची होती.

"ताई, थांबा," अण्णा म्हणाले. "त्याच्या शेजारी कोण ते?"

गादीशेजारी एक तरणा मुलगा उभा होता. वारस. त्याच्यावर माउस नेला की नाव येतं. नाव आलं शिवानंद.

"माजं नाव," अण्णा म्हणाले.

"हो."

"नातू हाय व्हय?"

"महेशचा मुलगा. म्हणजे तसंच."

"मग मी कुटाय?"

मी वंशावळ उघडली. महेशच्या वरच्या चौकटीत राजा शिवानंद होता, राज्य उभं करणारा पहिला राजा. चेहरा करडा केलेला आणि खाली लिहिलेलं, 'वार्धक्याने निधन'.

गेलेल्या राजाचं नाव पुढच्या पिढीत वापरायचं, असा त्या गेमचा साधा नियम आहे. मी ते सांगायला तोंड उघडलं आणि मिटलं.

अण्णा दत्ताला म्हणाले, "आमच्यात जित्या माणसाचं नाव पोराला ठेवत न्हाईत. आजा गेला की मगच नातवाला त्याचं नाव. ठेवलंय न्हवं हितं? म्हंजे तितं मी आदी गेलोय. म्हेशानं मला पोचवलंय. मग त्याचं लगीन, त्याचं पोरगं. सगळं कसं रीतीनं झालंय बग."

दत्ताला रडू आवरेना. मी काउंटरवरचा पाण्याचा तांब्या त्याच्यापुढे सरकवला.

"अण्णा, बंद करू ना?" मी विचारलं. "एकदा थांबवलं की मग राजाला काही होत नाही."

"नको."

"नको म्हणजे? तो जाईल हो."

"जाऊ दे की ताई. हितं म्हातारं व्हायला मिळालं न्हाई त्याला, तितं होऊ दे. राज्य त्यानं चालवायला लावलंय. मी कोण थांबवणार?"

मी ऐकून घेणारी बाई नाही, पण तिथे माझं काही चाललं नाही. बदली खेळाडू होता तसाच ठेवला. शेअर तसंच ठेवलं. दत्ताला मात्र सांगितलं, उघडायच्या आधी अण्णांना फोन करायचा, म्हणजे तेही घरी महेशच्या मशीनसमोर बसतील. दोघं एकाच रिक्षातून गेले. अण्णांनी त्याला घरी जेवायला नेलं आणि त्या दिवशी पहिल्यांदा बायकोला सगळं सांगितलं.

काही दिवसांनी अण्णांचा फोन आला. दुकानात गर्दी होती, तरी मी घेतला.

"काल गेला," ते म्हणाले. "आमी दोगं बसलो हुतो समोर. हिनं सांगायला सांगितलंय तुमाला. वय झालं हुतं त्याचं."

मला बरं झालं म्हणवेना, वाईट झालं म्हणवेना. "मग आता?" एवढंच विचारलं.

"आता शिवानंद बसलाय गादीवर. दत्ता म्हणतोय, पोरगं हुशार हाय."

तेव्हापासून कुणी गेम टाकून मागितला की मी आधी विचारते, मालकी कुणाच्या नावावर आहे, आणि तुम्ही उठून गेलात तर मागे कोण खेळणार. पहिल्या प्रश्नावर लोक खिशातून मोबाइल काढून दाखवतात. दुसऱ्यावर हसतात. मी बदली खेळाडूची खूण त्यांना दाखवते आणि चालू ठेवायची की बंद, ते घरी विचारून ठरवा म्हणते.