काम शिल्लक नाही

सदर इसम, वय वर्षे एकावन्न, बांधा किरकोळ. ओळखीची खूण: उजव्या मनगटावर कुत्र्याच्या दातांचा व्रण (कुत्रं मेलेलं समजून उचललं होतं). हुद्दा: मृत जनावरे उचलणारा कामगार, नगरपालिका. सद्यःस्थिती: सेवेतून कमी. कारण: शहरात सदर काम शिल्लक नाही.

शेवटचं वाक्य पालिकेच्या ठरावातलं आहे आणि ते एकमताने मंजूर झालं. तेव्हापासून शहरातली जनावरं मरायची थांबली, असं कागदोपत्री धरायचं. प्रत्यक्षात झाडूवाले मेलेलं कुत्रं ओढत पलीकडच्या वॉर्डाच्या हद्दीत नेऊन ठेवायचे आणि पलीकडचे ते परत आणून द्यायचे. एका तांबड्या कुत्र्याने जिवंतपणी पाहिलं नसेल एवढं शहर असं मेल्यावर पाहिलं.

सदर इसमाला सगळे गोणीमामा म्हणत. खांद्यावर गोणी, हातात आकडा, आणि चेहऱ्यावर कशाचाच परिणाम नाही. पालिकेच्या हेडक्लार्कचा लाडका कुत्रा गेला, तेव्हा मामांनीच तो बंगल्यामागे पुरला होता. हेडक्लार्क ढसाढसा रडत होते. त्यांचं रडून होईपर्यंत मामा फावडं घेऊन बाजूला उभे राहिले. वर म्हणाले, "घाई नाही साहेब, याला कुठं जायचंय?"

कामावरून काढल्यावर मामांनी पालिकेवर केस घातली. वकीलबाई तरुण होत्या, तयारीच्या होत्या. केस बरी चालली होती. मामा जिंकतील असं पालिकेच्या शिपायालाही वाटू लागलं होतं. तेवढ्यात हेडक्लार्कनी मामांना बोलावून खुर्ची दिली. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच.

"मामा, परत घ्यायला साहेब एका पायावर तयार आहेत हो. पण प्रकरण कोर्टात आहे ना, हात बांधलेत त्यांचे. तुम्ही केस मागे घ्या, लगेच ऑर्डर काढतो."

"लिहून द्याल?"

"आता माझ्यावरही विश्वास नाही का तुमचा?"

खुर्चीचा गुण असेल, मामांना भीड पडली. वकीलबाई बाहेरगावी होत्या. मामांनी हेडक्लार्कनीच आणून दिलेल्या अर्जावर सही केली: स्वखुशीने, दबावाविना, विनाअट. केस निकालात निघाली, साहेबांचे हात मोकळे झाले. साहेबांनी ते धुतले.

ऑर्डर निघाली नाही. मामा रोज जाऊन बाकावर बसत. पहिले काही दिवस "साहेब मीटिंगमध्ये" होते, मग "साहेब दौऱ्यावर" होते, पुढे शिपाई मामांकडे बघून नुसताच मान हलवू लागला.

वकीलबाईंनी परत आल्यावर कपाळाला हात लावला. "विनाअट? अहो, 'पुन्हा दाखल करायची मुभा ठेवून' एवढं तरी लिहायचं."

"ते म्हणाले, त्याने साहेबांना वाईट वाटेल."

तरी बाईंनी नव्याने दाद मागितली. हेडक्लार्कनी प्रतिज्ञापत्रावर सांगितलं की आपण कसलंही आश्वासन दिलं नाही, अर्जदारास आपण केवळ चेहऱ्याने ओळखतो, आणि सदर काम शहरात शिल्लक नाही. एकदा आपखुशीने सोडलेला दावा पुन्हा आणता येत नाही, असं म्हणून कोर्टाने मामांचा अर्ज फेटाळला. बाहेर व्हरांड्यात हेडक्लार्कनी मामांना नमस्कार केला. केवळ चेहऱ्याने ओळखत असल्यामुळे असेल.

मामा लाकडाच्या वखारीत ओझी उचलू लागले.

पुढच्याच महिन्यात साहेबांच्या दालनातल्या खोट्या छतात मांजर मेलं. आधी दालनातल्या रोपट्याची कुंडी बदलली, मग नव्या शिपायाला आंघोळीबद्दल विचारण्यात आलं. मग वरून साहेबांच्या फायलीवर एक थेंब पडला आणि शंका फिटली. झाडूवाले म्हणाले, छत आमच्या वॉर्डात येत नाही.

हेडक्लार्क मामांच्या घरी आले. अंगाला अत्तर आणि अत्तराखाली मांजर. मामींनी खिडकी उघडली.

"मामा, अर्ध्या तासाचं काम. तुमच्यासारखा हात कुणाचा नाही."

"ऑर्डर आणलीत?"

"कशी आणणार? काम शिल्लक नाही असं आपणच कोर्टात लिहून दिलंय. आता ऑर्डर काढली तर तुमच्या वकीलबाई तोच कागद घेऊन वर जातील."

"मग मांजर नसेल तिथं," मामा म्हणाले. "भास असेल."

"अहो, थेंब पडतायत."

"आधी ऑर्डर, मग मांजर. मागच्या वेळी उलटं करून बघितलं."

हेडक्लार्क मामींकडे वळले. "वहिनी, तुम्ही तरी सांगा. माणुसकी म्हणून..."

"ती मागे घेतली आम्ही," मामी म्हणाल्या. "स्वखुशीने."

हेडक्लार्क उठले. दारात थांबून त्यांनी त्या बंगल्यामागच्या कुत्र्याची आठवण काढून पाहिली. मामा म्हणाले, "आठवतंय की. तुम्हाला मी चेहऱ्याने ओळखतो."

त्यानंतर पालिकेची सर्वसाधारण सभा झाली. सभासद नाकाला रुमाल लावून बसले होते. कार्यालयाच्या स्वच्छतेविषयी कोणतीही तक्रार नसल्याची, तसेच सदर पद निर्माण करण्याची आवश्यकता नसल्याची नोंद एकमताने घेण्यात आली.

मांजर अजून छतात आहे.