आक्काच्या परड्यातला हजारी मोगरा

हजारी मोगरा मीच आणला, त्यामुळं शिव्या घालायचा पहिला हक्क माझा. बेळगावात आमच्या शाळेतल्या एका बाईंनी बोटाएवढी मुळी कागदात गुंडाळून दिली. "वास बघा, वेड लागेल," म्हणाल्या. स्वतःच्या घरी त्यांनी तो सिमेंटच्या कुंडीत कोंडून ठेवला होता, हे काही बोलल्या नाहीत. मी शहाणी, ती मुळी नेऊन दिली खेड्यात, बेळगुंदीला, आक्काला.

आक्का माझी थोरली बहीण. दाजी गेल्यापासून एकटी राहते. घरामागच्या परड्यात मोरीच्या पाण्यावर ती उन्हाळाभर रताळ्याचा वेल जगवते. आमच्याकडं शेतात रताळं लावायचं म्हणजे वेलाचे तुकडे लावायचे, आणि पावसाच्या तोंडाला ज्याच्याकडं हिरवा वेल नाही त्यानं दुसऱ्याच्या दारात जायचं. आक्काचा वेल सासूपासूनचा. अर्ध्या गल्लीला तीच द्यायची, भारे बांधून.

त्या वाफ्याशेजारीच तिनं मोगरा लावला. थंडी पडली आणि दोन गुच्छ आले, गुलाबी झाक असलेले पांढरे. वासानं परडं भरलं. पुढच्या थंडीला बघते तर मोरीपासून कुंपणापर्यंत मोगराच! मेला जमिनीखालनं सरकतो. मी एकदा सुट्टीला जाऊन कुदळीनं खणला, तर तुटलेल्या मुळीच्या तुकड्यातुकड्यातनं नवे कोंब आले. पान चुरडलं तर घाण वास, आणि फूल बघावं तर कसं साजूक.

"आक्का, हा तुझा वेल खाणार बघ," मी म्हटलं.

"आसू दे की गं. बायका येतात फुलांला."

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. दाजी गेले त्या वर्षापासून तिला मार्गशीर्षातल्या गुरुवारचं हळदी-कुंकवाचं बोलावणं बंद झालं होतं. भांडण नाही, तंटा नाही, नुसतं बोलवायचं बंद. आता मोगऱ्यामुळं गुरुवारी सकाळी पाच-सहा बायका ताटं घेऊन परड्यात येत होत्या. दहा मिनिटं बोलत, हसत, ताट भरून जात. आक्का बुधवारीच परडं झाडून ठेवायची. संध्याकाळी तीच फुलं त्यांच्या घरात लक्ष्मीपुढं, आणि आक्का आपली घरात टीव्हीपुढं.

फूल चालतं, आणि त्याला पाणी घालणारा हात चालत नाही? आरती मोबाईलवर लावतात, साडीचे फोटो ग्रुपवर टाकतात, तिथं बरं काही अडत नाही! मी असं तोंड सोडलं की आक्का म्हणायची, "येतात तरी गं. तेवढंच बोलणं व्हतंय." ती उपटू देत नव्हती, आणि मला तिच्यावरही राग यायचा.

गेल्या उन्हाळ्यात वेल संपला. मोगऱ्याच्या सावलीत पिवळा पडला आणि गेला. पाऊस लागल्यावर आक्का वेल मागायला शेजारणीकडं गेली. आदल्या वर्षी तिला आक्कानंच तीन भारे दिले होते. नेमकी वटपौर्णिमा होती. नथ घालून, वडाला जायला निघालेली शेजारीण उंबऱ्यातनंच म्हणाली, "आज नको गं आक्का, सणाचं. उद्या ये की."

आक्कानं हे फोनवर मला भाजीचा भाव सांगावा तसं सांगितलं. मी स्टाफरूममध्ये होते. तळपायाची आग मस्तकात गेली. पण ओरडणार कुणावर?

दुसऱ्या दिवशी ती वेल आणायला गेली नाही. तिनं कुदळ घेतली. चार दिवस चिखलात बसून एकेक मुळी वेचली, न्हाणीच्या चुलीत जाळली. त्या वर्षी तिच्या शेतात रताळं लागलं नाही.

मार्गशीर्षातल्या पहिल्या गुरुवारी मी मुद्दाम रजा टाकून गेले. बायका ताटं घेऊन आल्या आणि मोकळी काळी माती बघत उभ्या राहिल्या.

"मोगरा कुठं गेला गं?"

"काढला," आक्का म्हणाली. "फुलं न्हाईत. पण आलाय तर आत या, च्या टाकलाय."

त्यांनी एकमेकींकडं बघितलं.

"उपास हाय नव्हं आक्का. परत कवातर येतो."

उपास! इथपासून निपाणीपर्यंत एक बाई दाखवा, जी उपासाला दिवसभर चहा पीत नाही! मी तसं म्हणालेही, पण त्या कुंपणाच्या पलीकडं पोचल्या होत्या.

स्वयंपाकघरात आक्कानं बश्यांसकट सहा कप मांडून ठेवले होते. मी एकेक उचलून परत फळीवर ठेवला, बाहेर ऐकू जाईल असा आपटून.

"फोडशील गं," आक्का म्हणाली, आणि तिनं सहा कपांच्या आधणाखालचा गॅस बंद केला.