उतारावरचं कोर्ट

आमच्या शाळेचं बास्केटबॉल कोर्ट ज्या मिस्त्रीने बांधलं, त्याने जन्मभर राईस मिलमधल्या धान वाळवायच्या फरश्याच घातल्या होत्या. तसल्या फरशीला उतार लागतो. उकडलेलं धान पसरलं की त्याचं पाणी एका अंगाने निघून जायला हवं, नाहीतर धान वास मारतं. त्याला सांगितलं होतं की शाळेत मोठी सिमेंटची फरशी घालायची आहे, पोरं खेळतील आणि कापणीनंतर गावाचं धानही वाळेल. त्याने यातलं आपल्याला समजलं तेवढं ऐकलं आणि पश्चिमेकडे झकास उतार काढून दिला. गावाने त्याचं कौतुक केलं, कारण पावसाचं पाणी तिथे घटकाभरही थांबत नसे. रिंगचा खांब एकच आला, तो उत्तरेला उभा केला. दुसरा येणार होता, तो अजून येऊनच राहिला आहे.

मी सहावीपासून बारावीपर्यंत या फरशीवर खेळले. रिंगकडे तोंड केलं की उतार डाव्या हाताला. बॉल टप्पा घेतला की डावीकडे पळायचा आणि नालीत जायचा. आणायला ज्याच्या हातून गेला त्यानेच जायचं, असा नियम होता, आणि मला आणायचा भारी कंटाळा. म्हणून मी प्रत्येक टप्प्याला बॉल थोडा उजवीकडे दाबायला लागले, अंगही उजवीकडे झुकवायला लागले. हे मला कोणी शिकवलं नाही. आळसाने शिकवलं. बॉल माझ्या हाताखाली सरळ राहायचा आणि मला वाटायचं, आपल्याला खेळ येतो.

शाळेतले पीटीचे सर मूळचे कबड्डीचे. बास्केटबॉलचे नियम त्यांनी एका पातळ पुस्तकातून वाचले होते आणि त्यातले निम्मे त्यांना पटले नव्हते. त्यांनी माझ्याकडे एकदा नीट पाहिलं आणि म्हणाले, "तू बुटकी हायस. गार्ड हो." गार्ड म्हणजे बॉल पुढे घेऊन जाणारी, दुसऱ्यांना वाटून देणारी आणि समोरच्या गार्डला अडवून धरणारी. थोडक्यात, घरातल्या थोरल्या सुनेचं काम. टाळ्या उंच पोरींना.

दिवाळीनंतर कोर्टवर धान पडायचं. गावाच्या वर्गणीतून फरशी झाली होती, त्यामुळे नाही म्हणायची सोयच नव्हती. सरांनी त्यातूनही वाट काढली. धान वाळताना मधून मधून फिरवावं लागतं, म्हणजे त्यात पाय घासत चालायचं, की खालचे दाणे वर येतात. हे काम त्यांनी आम्हा पोरींच्या गळ्यात घातलं. गुडघे वाकवायचे, हात पसरायचे, पाय न उचलता आडवं आडवं सरकत जायचं. "हाच तुमचा डिफेन्स," सर म्हणायचे. गावातल्या बाया कडेला बसून सांगायच्या, "तिकडचं राह्यलं व, त्या कोपऱ्यातलं!" धानाची कुसं पायांना लागून अशी खाज सुटायची की वर्गात बसवत नसे. सगळा हिवाळा आम्ही त्या धानात सरकत काढायचो. पुढे कोणी मला मातीतल्या खेळाडूंची गोष्ट सांगायला लागलं की माझे पाय खाजायला लागतात, आणि मी तिथून उठून जाते.

बारावी झाली आणि मी हट्ट धरला की गोंदियाच्या कॉलेजातच जाणार, कारण तिथे मुलींचा संघ होता आणि त्याला शिकवायला मॅडम होत्या. आमचं गाव आमगावपासून जवळ, पण सरावाला वेळेवर पोहोचायचं तर उजाडायच्या आधीची गाडी धरावी लागणार होती, आणि गावापासून आमगाव स्टेशनापर्यंतचा रस्ता शेताशेतातून. त्या अंधारात मला सोडायला बाबांशिवाय कोणी नव्हतं. बाबा राईस मिलमध्ये रात्रपाळीला. म्हणजे रात्रभर मशीनजवळ उभं राहून त्यांनी घरी यायचं, सायकल तशीच वळवायची आणि मला मागे बसवून स्टेशनावर न्यायचं. आई अंगणवाडीत जायची, तिचा दिवस ऊन वर यायच्या आधीच सुरू व्हायचा. घरात कोणाकडेच उरलेली झोप नव्हती.

बाबांनी एक दिवस विचार केला आणि मग सांगितलं, "एक साल देतो तुले. मॅडमनं खेळवलं त जाय पुढं. बेंचावर बसून राह्यली त वापस ये, आमगावले बी.ए. कर. बसाले गोंदियाले कायले जाते?"

मला त्यात काही कठीण वाटलं नाही. शाळेची सगळ्यात चांगली गार्ड मीच होते. तिथल्या तिथे, म्हणजे ओसाड गावातला एरंड.

गोंदियाच्या कॉलेजचं कोर्ट सपाट होतं. निवडीच्या दिवशी मी बॉल घेऊन धावले आणि तो उजवीकडे निसटला. पुन्हा घेतला, पुन्हा निसटला. मी जितका जोर करून तो सांभाळायला जावं तितका तो लांब पळे. एकदा माझ्याच पायावर आपटून थेट मॅडमच्या खुर्चीपाशी गेला. मॅडमनी तो हातात धरला आणि विचारलं, "तेरा बॉल भाग क्यों रहा है? और तू तिरछी क्यों दौड़ रही है?" बाकीच्या पोरी हसल्या, आणि त्या दिवसापासून माझं नाव तिरछी पडलं. मला संघात घेतलं ते पोरी कमी पडत होत्या म्हणून. हे मॅडमनी तोंडावर सांगितलं. मला त्याचं वाईट वाटलं, आणि खरं सांगितल्याबद्दल थोडं बरंही वाटलं.

गावी परत आल्यावर मी शाळेच्या कोर्टवर गेले आणि बॉल जमिनीवर नुसता ठेवला. तो आपला आपण नालीकडे निघाला. इतकी वर्षं रोज बघितलेली गोष्ट, पण ती खोट आहे हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं. मी पायरीवर बसून त्या मिस्त्रीला मनसोक्त शिव्या दिल्या. बिचाऱ्याने आपलं काम चोख केलं होतं.

मग ते वर्ष सुरू झालं. मॅडमनी मला भिंतीला खांदा लावून बॉल टपवायला लावला, म्हणजे झुकायला जागाच राहू नये. पोरी सामने खेळायच्या आणि मी भिंतीशी. रोज पहाटे बाबांच्या मागे सायकलवर, मग गाडी, मग सराव, मग वर्ग, मग पुन्हा सराव, मग परतीची गाडी. गाडीत सालेकशाकडून भाजी घेऊन येणाऱ्या बाया आपल्या टोपल्यांना टेकून झोपलेल्या असायच्या, मी त्यांना टेकून झोपायचे. वर्गात झोपायचे. एकदा ताटावर झोपले, आईने वरणातून माझी वेणी बाहेर काढली. लोक आपल्या कॉलेजच्या पहिल्या वर्षाच्या किती गमती सांगतात. मला त्या वर्षातली फक्त झोप आठवते, तीही अपुरी.

बाबा सायकलवर कधी बोलायचे नाहीत. फक्त स्टेशन दिसायला लागलं की एकच विचारायचे, "खेळवलं का काल?"

"नाही."

"बरं."

त्या 'बरं'मध्ये काही नव्हतं, ना टोमणा, ना धीर. मला मात्र ते दिवसभर टोचायचं. नंतर नंतर मी स्टेशन जवळ आलं की झोपेचं सोंग घ्यायला लागले. सायकलच्या कॅरियरवर झोपेचं सोंग घेणं सोपं नसतं, पण घेतलं.

थंडी पडली आणि आंतरमहाविद्यालयीन सामने जवळ आले. मी अजून बेंचावरच. एका सरावात दुसरी कोणी हजर नव्हती म्हणून मॅडमनी मला आमच्याच मुख्य गार्डसमोर उभं केलं. ती तिसऱ्या वर्षाची, उंच, चलाख, आणि मला तिरछी म्हणण्यात सगळ्यात पुढे. ती बॉल घेऊन डावीकडे गेली, मी सरकले. उजवीकडे गेली, मी सरकले. ती थांबली, मी थांबले. आपण विशेष काही करतोय असं मला वाटलंच नाही, मी नुसती सरकत होते, आणि ती कुठूनही पुढे जाऊ शकत नव्हती. शेवटी वैतागून तिने बॉल माझ्या अंगावर फेकला.

मॅडम जवळ आल्या. "ये पैर किसने सिखाए?"

"धान फिरवून," मी म्हटलं.

पोरी पुन्हा हसल्या. मॅडमना धान फिरवणं म्हणजे काय ते समजावून सांगावं लागलं. त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, "ठीक है. तू बॉल को हाथ मत लगा. बस सामनेवाली के आगे रह." गार्डला बॉलला हात लावू नकोस असं सांगणं म्हणजे आचाऱ्याला चुलीपाशी जाऊ नकोस म्हणण्यासारखं. तरी मी मान हलवली.

सामने आमच्याच कॉलेजच्या मैदानावर होते. मी बाबांना सांगितलं नव्हतं, आईने सांगितलं. कापणी झालेली, मिल रात्रंदिवस चालू, आणि बाबा लागोपाठ दोन पाळ्या करून तसेच गाडीत बसून आले. कपड्यांवर कोंडा तसाच होता. दुपारच्या उन्हात सिमेंटच्या पायऱ्यांवर जाऊन बसले. मला पाहून त्यांनी हात वर केला. मी बेंचावर होते. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पूर्वार्धात समोरच्या संघाच्या गार्डने आम्हाला धुऊन काढलं. आमची मुख्य गार्ड फाउल करून करून बाहेर जायच्या बेताला आली. उत्तरार्ध सुरू झाला आणि मॅडमनी वळून पाहिलं. "तिरछी, उठ."

मी उठले आणि मग शेवटपर्यंत बसले नाही. त्या पोरीच्या पुढ्यात मी नुसती उभी राहत गेले. ती जाईल तिथे मी आधीच पोहोचलेली. तिने कोपर मारलं, शिवी दिली, हूल दाखवली. माझ्या मांड्या पेटल्या होत्या, तोंडाला कोरड पडली होती, आणि तरी मला इतका आनंद होत होता की मी मधेच एकदा मोठ्याने हसले आणि पंचांनी माझ्याकडे चमकून पाहिलं. तिचे पास चुकायला लागले. गुणांत आम्ही त्यांच्या जवळ येत गेलो. शेवटी थोडक्यात हरलोच, पण मॅडमनी माझ्या डोक्यावर टपली मारली आणि म्हणाल्या, "अगले साल ये जगह तेरी."

मी पायऱ्यांकडे पाहिलं. बाबा खांद्यावरचा दुपट्टा उशाला घेऊन आडवे झाले होते. तोंड उघडं. शेजारी बसलेल्या माणसाने सांगितलं, "वो तो पहले हाफ से ही सो रहे हैं." पूर्वार्धातच लागली होती झोप. म्हणजे त्यांनी मला पाहिलं ते फक्त बेंचावर.

मला इतका राग आला की मी त्यांना उठवलंसुद्धा नाही. सामान भरलं, तोंड धुतलं, पोरींशी उगाच बोलत राहिले. ऊन उतरल्यावर ते आपणच उठून माझ्यामागे आले. "झोप लागली व," एवढंच म्हणाले. स्टेशनापर्यंत मी पुढे, ते मागे.

गाडीत जागा मिळाली. मी खिडकीकडे तोंड फिरवलं, आणि रागातच मला झोप लागली. बाबांनाही लागली. आमगाव कधी आलं आणि कधी गेलं, दोघांनाही पत्ता नाही. जाग आली तेव्हा बाहेर जंगल होतं, आणि कोणीतरी सालेकसा, सालेकसा म्हणत उतरत होतं. आम्ही धडपडत खाली उतरलो. परतीच्या गाडीला वेळ होता. दिवस मावळायला आला होता आणि गारठा चांगलाच जाणवत होता. बाबांनी दोन चहा आणले, एक माझ्या हातात दिला आणि बाकावर बसले.

"खेळवलं का?"

"खेळवलं. शेवटपर्यंत."

"मंग? पुढच्या सालाचं काय म्हनते मॅडम?"

"जागा देते म्हणे." मग माझ्या तोंडून निघून गेलं, "पण मी नाही जात. थकली मी बाबा."

रागाने बोलले होते, पण बोलल्यावर कळलं की ते खरं आहे. वर्षभर जे मागत होते ते आज हातात आलं होतं, आणि मला ते उचलायचंही त्राण नव्हतं. मला रडू यायला लागलं. बाबांनी मला गप्प केलं नाही. ते चहाकडे बघत बसले.

"मीबी थकलो," ते म्हणाले. चहा संपवून पुन्हा बोलले. "बेंचावर बसली त वापस ये म्हनलो होतो. थकली त वापस ये, असं म्हनलो होतो का तुले?"

"नाही."

"मंग? सकाळी सोडतो न मी."

परतीची गाडी आली. अर्धा डबा रिकामा होता. बाबांनी बाकाकडे पाहिलं, मी पाहिलं, आणि पुन्हा झोप लागू नये म्हणून आम्ही दोघं आमगावपर्यंत दाराशी उभे राहिलो.