बिनसांध्याचं कडं

माझ्या आईच्या डाव्या मनगटात तांब्याचं एक जाड कडं होतं. ते दागिना म्हणून घातलेलं नव्हतं आणि निघतही नव्हतं. दोन्ही टोकं ठोकून एकजीव केलेली, आतून लोखंडाची तार पिळून बसवलेली. माझ्या पाठचे दोन भाऊ तान्हेपणीच तिच्या मांडीवर गेले, तेव्हा गावच्या भगताने तिचा तळवा बघून सांगितलं होतं, "हिच्या डाव्या हातात ताकद हाय. मोकळी सोडली तर लहान जीव घेते." ती ताकद अडवायला कडं. त्याआधी गावातल्या बाळंतिणी आपली पोरं तेल लावायला आईकडेच आणायच्या म्हणे. मला आठवते ती लग्नघरातही हात पदराखाली दडवून बसलेली आई.

मला रोह्याला दिलं. नवरा केमिकल कंपनीत शिफ्टला जायचा. माझं पहिलं बाळ पोटातच गेलं. त्याच्या थोडं आधी आई ओटी भरायला आली होती आणि तिने माझ्या पाठीवरून हात फिरवला होता, तेवढंच. डॉक्टर म्हणाले, रक्तदाब वाढला होता. आईने ते कानावरही घेतलं नाही. त्यानंतर ती रोह्याला आलीच नाही.

पुन्हा दिवस गेले आणि आठवा लागला, तेव्हा गावचा एक माणूस निरोप घेऊन आला. "आयचा हात बघवत नाय. तू ये."

गाडीने जित्याला उतरले आणि तिथून चालत खाडीकडच्या आमच्या गावी गेले. आई पडवीत बसली होती. मासळी साफ करताना शिंगाळ्याचा काटा तळव्यात घुसला होता. हात कोपरापर्यंत सुजून काळानिळा झालेला. कडं दिसतच नव्हतं, मांस त्याच्यावर चढलं होतं. वास येत होता. मला पाहताच तिने आधी हात पाठीमागे नेला.

मी तिला तशीच पेणला नेलं. तिथल्या डॉक्टरांनी हात बघितला आणि म्हणाले, "आधी हे कडं कापायचं. आजच. नाहीतर हात जाईल, आणि ते हातावर थांबणार नाही."

आई उठली आणि बाहेर चालायला लागली.

दवाखान्याच्या आवारात मी तिला गाठलं. रडले, ओरडले, तिच्या पाया पडायला वाकले तर पोटामुळे वाकता येईना. ती एकच म्हणत होती, "तुझं पोर भायेर येऊन रडू दे. मग काप म्हणावं. तवर नाय."

"तवर तू राहशील का, आय?"

"नाय राहिले तर बरंच हाय ना गो."

कडं सोडवायचा अधिकार भगताचा, आणि भगत कधीच वारला होता. तिच्या लेखी होकार देणारं माणूसच उरलं नव्हतं. मी भिंतीला टेकून बसले. हिला वाचवायचं तर तिच्याच भाषेत बोलावं लागणार होतं. सुचलं ते बोलले.

"आय, खाडीचं पाणी अडवायला बांध कुठं घालतात? खाडीच्या मध्ये घालतात का? आपल्या शेताच्या कडेलाच ना? मग कडं माझ्या हातात घाल. तुझ्यातून काय यायचं ते येऊ दे, माझ्यापाशी अडेल."

तिने उजव्या हाताने माझं मनगट धरलं. मग म्हणाली, "सांधा राहता कामा नये."

बाजारात एक म्हातारे कल्हईवाले चाचा बसायचे. त्यांनी तांब्याची जाड सळी वाकवली, आत लोखंडी तार पिळली आणि माझ्या मनगटावर टोकं ठोकून बसवली. आई नखाने चाचपत होती. "इथं फट हाय," ती म्हणाली. चाचांनी काही न विचारता पुन्हा ठोकलं. दवाखान्यात एवढं जाड तांबं कापायचं हत्यार नव्हतं, म्हणून चाचाच आपली कातर घेऊन आमच्याबरोबर आले. डॉक्टरांनी ती उकळून घेतली.

कापताना आईने हाताकडे पाहिलं नाही. ती माझ्या पोटाकडे बघत होती.

"हलतंय?"

"हलतंय."

कातर मांसात शिरली. तिच्या कपाळावर घाम आला.

"हलतंय का गो?"

"हलतंय, आय."

ते हलत नव्हतं. कितीतरी वेळ हललं नव्हतं. मी पोटावर हात दाबून धरला होता आणि माझ्या हातात ते नवं कडं होतं. आणि त्या क्षणी मलाही वाटलं की भगत खरं बोलला होता. कड्याचा तुकडा निघून ताटलीत पडला. त्यानंतर केव्हातरी आत एक लाथ बसली आणि मला रडू फुटलं. आईला वाटलं, सगळं संपलं. मी बोलेपर्यंत तिचा चेहरा कसा झाला होता, ते मला लिहिता येत नाही.

तिची दोन बोटं गेली. हात राहिला.

बाळंतपण पेणलाच झालं. नर्स म्हणाली, हातातलं काढा. मी नाही म्हटलं. तिने पुन्हा सांगितलं, तेव्हा मी हात पाठीमागे नेला. मुलगी झाली, रडली. नर्सने कसलाही विचार न करता तिला माझ्या आईच्या मांडीवर ठेवलं आणि ती निघून गेली.

"घे गो हिला. लवकर घे."

मला टाके पडले होते, उठता येत नव्हतं. खोलीत आणखी कोणी नव्हतं. आई लाकडासारखी ताठ बसली, पट्टी बांधलेला हात लांब वर धरून. आम्ही दोघी त्या इवल्या छातीकडे बघत राहिलो, खाली, वर, खाली. नर्स परत आली तेव्हा आईने मुलगी तिच्या हातात दिली आणि बाहेर जाऊन ओकली.

मुलगी जगली. आई पुन्हा रोह्याला यायला लागली. नातीला मांडीवर घ्यायची, पण कडं घातलेली मी समोर असेन तेव्हाच. मी नुसती पाणी प्यायला उठले तरी तिला अलगद चटईवर ठेवायची आणि भिंतीकडे सरकून बसायची.