झेलीची टोपी

पॅरिसला लागून असलेल्या लव्हाल्वात, मोटारींच्या कारखान्यात गाद्या शिवणारी झेली मोकूर पंचविशीची झाली तरी बिनलग्नाची होती. याचं दुःख तिच्यापेक्षा गल्लीलाच जास्त. "आता तरी कुणाला हो म्हण गं," शेजारणी टोचायच्या. झेलीच्या डोक्यात मात्र नवरा नव्हता, शंभर वर्षांनंतरची मोटार होती.

मालक गारिग यांना डिसेंबरच्या मोटार प्रदर्शनात 'उद्याची गाडी' म्हणून एक नमुना मांडायचा होता. त्यांनी स्वतःच पंखांच्या गाडीचं चित्र काढलं होतं. झेलीनं धीर करून आपलं चित्र पुढे केलं. पूर्ण बंद गाडी, पुढून गोल, मागे निमुळती.

"हे काय, अंडं?" मालक खो खो हसले. "गाडीला रुबाब लागतो, बाई! तू गाद्या शीव."

झेलीला ते फार झोंबलं.

नोव्हेंबरात संत कॅथरीनच्या दिवशी पंचविशीच्या बिनलग्नाच्या मुलींना मैत्रिणी हिरव्या-पिवळ्या अचाट टोप्या करून घालतात आणि त्यांची मिरवणूक काढतात. झेलीनं मैत्रिणींना गळ घातली, "माझ्या डोक्यावर माझी गाडीच चढवा." कारखान्यातली दुसरी पंचविशीची म्हणजे ओदील. तिच्यासाठी मालकांनी हौसेनं आपली पंखवाली गाडी करवून घेतली.

मिरवणूक पुलावर आली आणि समोरून नोव्हेंबरचा बेफाम वारा सुटला. ओदीलचे पंख फडफडले, टाचण्या सुटल्या आणि मालकांची उद्याची गाडी थेट सेन नदीत!

"अगं बाई, माझे केस!" ओदील किंचाळली.

झेलीची टोपी मात्र जागची हलली नाही. तीही मुद्दाम मान ताठ ठेवून वाऱ्याच्या तोंडावर चालत राहिली.

"अंडं जिंकलं रे!" कुणीतरी ओरडलं आणि सगळा पूल टाळ्या पिटू लागला.

मालकांची स्वतःचीही टोपी उडाली होती. टकलावर हात धरून ते आले. "दे ती इकडे. प्रदर्शनात हीच मांडू."

"देते की. पण खाली नाव माझं लागेल."

"गाद्या शिवणारीचं? लोक हसतील!"

"हसू देत. तुम्हीही हसला होतात, मालक."

डिसेंबरात हिरवी-पिवळी गाडी काचेच्या पेटीत बसली, खाली ठसठशीत अक्षरांत झेली मोकूर. गल्लीतल्या शेजारणी झाडून सगळ्या बघायला गेल्या. लग्नाचा विषय कुणी काढला नाही. येणाऱ्याजाणाऱ्याला थांबवून त्या सांगत होत्या, "ही आमची झेली बरं का!"