आईने हातोडा निवडला

आई गेली तेव्हा ती लेव्हल त्र्याहत्तरला होती.

हसू नका. म्हणजे हसा, तिला चाललं असतं.

आज वर्ष झालं. बाकीचे तिच्या खापरावरच्या पुरणाच्या मांड्यांबद्दल लिहितील. मी तिच्या हातोड्याबद्दल लिहिणार आहे.

कडोदऱ्याच्या आमच्या खोलीत तिने वर्षानुवर्षं साड्यांचे धागे कापले. कारखान्यातून गठ्ठे यायचे, ती कैची घेऊन बसायची, गठ्ठे जायचे. मग किडनीने दगा दिला. मंगळवार-शुक्रवार डायलिसिस, आणि सुया टोचायच्या त्या डाव्या हाताला अजिबात जोर द्यायचा नाही.

गठ्ठे बंद.

रिकामं बसणं तिला जमेना. पडद्याचेच धागे उपसायला लागली.

म्हणून एका रविवारी मी तिला माझ्या गेममध्ये ओढलं. तलवारी, राक्षस, जादू, फुल मसाला. कंट्रोलरची डावी बाजू माझी: चालणं आणि ढाल. उजवी तिची: मारामारी.

एक कंट्रोलर आणि त्याला चिकटलेल्या दोन बायका. पप्पा लूमवरून आले की दारातच उभे राहून बघायचे.

कॅरेक्टरला तिने स्वतःचंच नाव दिलं. कमल.

आणि काय खेळायची! मी राक्षसाचं तोंड बघायचे, ती त्याचा हात बघायची. इतकी वर्षं साडी सोडून धागा बघितलेली नजर ती.

शेवटी आला राखेचा राजा. फायनल बॉस. त्याने आम्हाला तीन आठवडे धुतलं.

एका शुक्रवारी डायलिसिसवरून आली, चेहरा पांढराफटक, आणि पलंगावर आडवी होत म्हणाली, "हाऊ राजा माले मरेल देखना शे. तवलोंग माले काही व्हत नई."

राजा मरेपर्यंत हिला म्हणे काही होणार नाही! मी हसले. पण त्या दिवसापासून माझ्यासाठी तो गेम राहिला नाही.

मग आम्हाला काळं पोलाद सापडलं!!

ज्यांना कळत नाही त्यांच्यासाठी सांगते. ते अख्ख्या गेममध्ये एकदाच मिळतं. लोहाराकडे न्यायचं आणि हत्यार अपग्रेड करायचं. रस्ते दोन. वाऱ्याची तलवार: हलकी, झपाझप, पण वार आला की गोल बटण दाबून लोळण घेता आली पाहिजे. नाहीतर डोंगरी हातोडा: उचलायलाच वेळ लागतो, पण मार खाल्ला तरी पाय हलत नाही. एक घेतला की दुसरा बंद.

मी व्हिडिओ पाहिले. ग्रुपवर विचारलं. सगळे एकजात तलवार म्हणाले. एकाने तर लिहिलं, "हथौड़ा लेगी तो गेम डिलीट कर दे."

ठरलं. तलवार.

आणि मध्येच आला दसरा.

आमच्याकडे दसऱ्याला पाटावर सगळी हत्यारं मांडतात. पप्पांचा पाना, आईची कैची, स्वयंपाकघरातली विळी. मी आंघोळ करून आले तर पाटावर कैचीशेजारी माझा कंट्रोलर! वर झेंडूचं फूल, अक्षता आणि चांगलं ओलंचिंब हळद-कुंकू.

"आई!!"

"हत्यार शे ना ते? मंग पूजा करनी पडी. आज हात नको लावू."

हत्यार त्या दिवशी उचलायचं नसतं. मीही हात लावला नाही. पुसलं पण नाही.

दुसऱ्या दिवशी गोल बटण दाबलं तर आतच राहिलं. कुंकू आत जाऊन घट्ट बसलं होतं. म्हणजे लोळण बंद. म्हणजे तलवार बंद.

मी इतकी चिडले की विचारू नका. शेवटी म्हटलं, नवीन मागवते, आठ दिवसांत येईल.

"आठ दिन कोनी देख्यात?" ती म्हणाली. अगदी साधेपणाने.

आणि माझ्या हातातून कंट्रोलर ओढून तिने हातोडा निवडला. 'नक्की का?' असं गेमने विचारलं. मी "नको, नको" ओरडेपर्यंत बटण दाबून मोकळी.

मी कपाळावर हात मारला. आता काही परत फिरत नव्हतं.

"पयता येत नई ना? मंग उभं ऱ्हाईसनी मारूत."

त्या रविवारी दुपारी आम्ही राजासमोर उभ्या राहिलो.

पहिला वार. मी ढाल धरली. दुसरा. अर्धं रक्त गेलं. मी किंचाळतेय, आई शांत.

"तिसरा घाव व्हयना का तो दम खास. तव मारसू."

तिसरा वार सरळ डोक्यात बसला, पण आमची कमल हलली नाही! राजा खरंच थांबला, श्वास घ्यायला, आणि आईचा हातोडा खाली आला. धाड!

परत तेच. एक, दोन, तीन, धाड! मी ढाल धरतेय, ती मोजतेय, पप्पा हातपाय न धुता जमिनीवर बसून "मार कमल, मार!" ओरडताहेत. आयुष्यात पहिल्यांदा मी त्यांना तिचं नाव घेताना ऐकलं.

आमच्याकडे रक्ताचा एक थेंब उरला होता आणि राजा कोसळला.

कोसळला!! आई पलंगावर उभी राहिली. डायलिसिसची बाई, पलंगावर उभी!

मग खाली बसली, धापा टाकत म्हणाली, "दुसरी खेपले तलवार लिऊत."

मी नवीन कंट्रोलर मागवला. तो आला तेव्हा आई ॲडमिट होती. घरी परत आली नाही.

वर्षभर मी गेम उघडला नव्हता. आज उघडला. नवा डाव, नवा कंट्रोलर, आणि कबूल केल्याप्रमाणे या खेपेला पुढे तलवारच घ्यायची.

पहिल्याच फालतू राक्षसाने मला मारलं. गोल बटण मस्त चालत होतं. मी दाबलंच नाही. ढाल धरून एक, दोन, तीन मोजत उभी राहिले, आणि मारायची वाट बघत बसले.

उजवी बाजू तुझी होती ना, आई.

फार आठवण येते गं. जुना कंट्रोलर देव्हाऱ्याजवळ तुझ्या कैचीशेजारी ठेवलाय. कुंकू काढलेलं नाही.

नमस्कार करते. आता परत खेळायला बसतेय.