सातवी मुळी

कीबोर्डवर एस्केपच्या खाली, एकच्या डावीकडे एक बटण असतं. बहुतेकांना ते कशासाठी आहे हे आयुष्यभर कळत नाही आणि त्यावाचून त्यांचं काही अडतही नाही. मला ते कॉलेजात असताना कळलं, आणि त्यानंतर मी एकही गेम सरळ खेळलो नाही.

गेम बनवणाऱ्यांना तपासणीसाठी एक चोरखिडकी लागते, तिला कन्सोल म्हणतात. गेम बाजारात आणताना ती बंद करतात, पण बुजवत नाहीत. फोल्डरमधली एक फाइल नोटपॅडमध्ये उघडायची, एका ओळीतल्या शून्याचा एक करायचा, की ते बटण दाबल्यावर पडद्याच्या वरून काळी पट्टी खाली उतरते. तिच्यात लिहाल ती आज्ञा, म्हणजे कमांड, गेम निमूट ऐकतो. मरण बंद कर म्हटलं की बंद. भिंतीतून आरपार जाऊ दे म्हटलं की जाऊ देतो. लोक तीन-तीन महिने झगडायचे तो गेम मी दोन दुपारींत संपवायचो आणि वर शेखी मिरवायचो. वाट बघणं मला जमतच नाही. नाना, म्हणजे माझे वडील, म्हणायचे की हा भात शिजायच्या आधी तीनदा झाकण काढतो.

अक्का, माझी मोठी बहीण, अगदी उलटी. तिला दोंडाईच्याला दिलेली. दरवर्षी आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ती जळगावला, मेहरूणच्या आमच्या घरी चार दिवस माहेरपणाला यायची. आमच्याकडे दिवाळीपेक्षा आखाजीचं अप्रूप जास्त. त्या दिवसांत सासुरवाशिणीला कोणी काम सांगत नाही. बाया निंबाला झोके बांधतात, गौराईची गाणी म्हणतात, आणि एरवी पत्त्यांना हात न लावणारे बाप्येही ओट्यावर उघड डाव मांडून बसतात. सगळी गल्ली खेळते, तर मी का नको, असं म्हणून अक्का एका वर्षी माझ्या कॉम्प्युटरसमोर बसली आणि मग दरवर्षी बसू लागली.

एकच गेम, एकच सेव्ह, म्हणजे खेळ जिथवर आला त्याची एकच नोंद. तिची धनुष्यवाली बाई जंगलातून पायी हिंडायची. नकाशावर टिचकी मारून एकदम पोचायची सोय होती, पण ती वापरायची नाही. चौथ्या दिवशी ती त्या बाईला नदीकाठच्या एखाद्या झाडाखाली उभी करायची, सेव्ह करायची आणि वर्षभर तिला इथून हलवू नको असं मला बजावायची, "भाऊ, आते हाई आठेच राही वरीसभर. हालाडू नको." मी हसायचो. म्हणायचो, अक्का, या चालीने तू गेम संपवशील तेव्हा तुझ्या सुना येतील.

आई शेजारी डाळ निवडत बसायची. तिला इंग्रजी येत नव्हतं, म्हणून पडद्यावरचं अक्का तिला अहिराणीत सांगायची. आमचं मूळ धुळ्याकडचं, घरात तीच बोली. त्या गेमात नदीच्या उताराजवळ एका झोपडीत एक म्हातारी होती. तिला औषधाच्या सात मुळ्या आणून द्यायच्या होत्या. पहिली ओळख झाल्यावर बाई दारात गेली की म्हातारी दर वेळी तेच एक वाक्य बोलायची.

"हाई म्हतारी काय म्हनस वं?" आईने विचारलं.

"बस म्हनस. लांबून उनी म्हनस."

"मंग बस ना वं माय, थकी गयी व्हशी," आई पडद्याकडे बघून म्हणाली. अक्का दोंडाईच्याहून येऊन दारात चपला काढायची तेव्हाही आई हेच म्हणायची, याच सुरात. त्या दिवसापासून म्हातारीचं वाक्य अक्काने कधी इंग्रजीत वाचलं नाही, आईच्याच शब्दांत वाचलं.

सहा मुळ्या देऊन झाल्या तेव्हा मीच शहाणपणाने सांगितलं होतं, की सातवी दिलीस की काम पूर्ण, मग ही म्हातारी बोलणार नाही, नुसती मान हलवेल. अक्काने सातवी मुळी पिशवीत तशीच ठेवली. हे मीच सांगितलं होतं आणि मीच विसरलो.

आईला जाऊन आता पाच वर्षं झाली. त्यानंतर अक्का यायची ती दारात पिशवी ठेवून थेट स्वयंपाकघरात. आखाजीला आईच्या नावाने पाण्याची घागर भरायची, तिच्यावर आंबा ठेवायचा, सांजोऱ्या करायच्या, आमटी, रस, सगळं तीच. माहेरपणाला आलेली बाई राबते आहे, हे ना नानांना खटकलं, ना मला. खोटं कशाला सांगू, मला तर बरंच वाटायचं, की घरात पुन्हा जेवणाचा वास आला. दुपारी भांडी आवरून ती कॉम्प्युटरसमोर बसायची. आधी त्या झोपडीपाशी जायची, बाईला म्हातारीसमोर उभं करायची, ते एक वाक्य वाचायची आणि काही वेळ तशीच बसून राहायची. मी हे डोळ्यांनी पाहिलं. मला वाटायचं, गेम अडकला असेल.

गेल्या वर्षी आखाजीच्या आधी तिचा फोन आला. सासूबाई पडल्या, मांडीचं हाड मोडलं, त्यामुळे यंदा एकाच दिवसापुरती येते म्हणाली. मी धुळ्याला कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात असतो, सुटीला जळगावी येतो. दोन दिवस आधी पोचलो आणि माझ्या डोक्यात आलं, की एका दिवसात हिचं काय खेळून होणार? निदान शेवट तरी बघू दे. मनात खरोखर माया होती. पण बरोबरीने हेही होतं, की बघ, तुला इतक्या वर्षांत जमलं नाही ते मी अर्ध्या तासात केलं.

फाइल उघडली, शून्याचा एक केला, बटण दाबलं. पहिल्या कमांडने मरण बंद केलं. दुसरीने बाईला भिंतींतून, डोंगरांतून सरळ शेवटच्या किल्ल्यापर्यंत नेलं. तो दरवाजा मागची कामं झाल्याशिवाय उघडत नव्हता, म्हणून तिसरी कमांड दिली, सगळी कामं पूर्ण कर. पडद्याच्या कडेला एकाखाली एक ओळी पळाल्या: पूर्ण, पूर्ण, पूर्ण. त्यात म्हातारीचीही ओळ असणार. मी वाचली नाही. बाईला दरवाज्यात उभी केली आणि अक्काच्या त्याच एका सेव्हवर सेव्ह केलं. दुकानात येणाऱ्या प्रत्येक माणसाला बॅकअप घेतला नाही म्हणून मी सुनावतो. त्या दिवशी मी बॅकअप घेतला नाही.

अक्का आली, सगळं रांधलं, घागर भरली, भांडी घासली आणि दुपारी येऊन बसली. मी मागे उभा होतो, बक्षीस समारंभाला उभा असल्यासारखा.

"हाई आठे कशी उनी?" तिने विचारलं.

बाई इथवर कशी आली ते मी रंगवून रंगवून सांगितलं. अक्काने माउस हातात घेतला. बाईला वळवलं आणि मागे चालत निघाली. किल्ल्यापासून नदीपर्यंत चांगली पाऊण तासाची वाट, तीही पायी. मी म्हणत होतो, अगं, दरवाजा इकडे आहे. ती झोपडीपाशी पोचली. म्हातारीने मान हलवली. अक्काने पुन्हा क्लिक केलं, पुन्हा मान हलली. असं सात-आठ वेळा झालं, तेव्हा कुठे मला सातवी मुळी आठवली.

"बठ्ठं पुरं करी टाकं का भाऊ?" ती म्हणाली.

"मी लगेच सगळं पहिल्यासारखं करतो, अक्का. दोन मिनिटं."

"राहू दे. बरं करं." बरं केलंस एवढंच म्हणून तिने हाताने खुर्ची मागे सारली आणि चहा टाकायला गेली. संध्याकाळच्या गाडीने ती गेली. शेवटचा दरवाजा तिने उघडलाच नाही.

पुढचे कित्येक रविवार मी त्या काळ्या पट्टीपुढे बसलो. पूर्ण झालेलं काम मागे नेणारीही कमांड असते. ती सापडली, चालली. झोपडीपाशी गेलो तर म्हातारी खरंच बोलली. पण कमांडने काम सहाव्या मुळीपाशी नेलं नव्हतं, पार सुरुवातीला नेलं होतं. म्हातारी म्हणाली, तू कोण? कुठून आलीस? पहिल्या भेटीतलं वाक्य. कमांडपुढे मी टप्प्यांचे कितीही आकडे घातले तरी ती एकतर मान हलवायची, नाहीतर ओळख विचारायची. मधलं काही मला आणता आलं नाही. मी एवढ्या वर्षांत पहिल्यांदा एका गेमसमोर बसून रडलो, हे सांगायला मला आता लाज वाटत नाही.

मग मला सुचलं, आणि फार उशिरा सुचलं, की ते वाक्य म्हणायला म्हातारी कशाला हवी? ते मलाही म्हणता येतं. चार शब्दांचं तर आहे: बस ना वं माय. यंदाच्या आखाजीच्या आधी मी ते मनाशी घोकलंही. स्वयंपाक मी करणार होतो, आदल्या दिवशी डाळही भिजवून ठेवली होती.

अक्का दुपारच्या उन्हात आली. दारात चपला काढल्या, पदराने तोंड पुसलं, कॉम्प्युटरच्या खोलीकडे पाहिलंही नाही. मी दारातच उभा होतो. वाक्य जिभेवर होतं. तेवढ्यात आतून नाना म्हणाले, "उनी का बाई? चहा टाक थोडा." ती पिशवी ठेवून माझ्यासमोरून स्वयंपाकघरात गेली.

मी तिच्या मागे गेलो. ती डबे हुडकत होती. तिने माझ्याकडे वळून पाहिलं, थांबली, जणू मी काही म्हणेन.

"साखर वरच्या फळीवर आहे," मी म्हणालो.